काल्पनिक जगातील महाकाय सागरी प्राण्याला त्या जगात स्थान कसे द्यावे?

आपण विचारले आहे, की अद्भुत कादंबरीसाठी आपण ३०० मीटर लांबीचा सागरी प्राणी कल्पिला आहे, पण कच्चा खर्डा वाचणाऱ्यांना तो नुसताच मोठा वाटतो. तेव्हा त्या जगात त्याला स्थान कसे द्यावे आणि शेवटी नायकाने त्याला मारावे काय? माझे मत असे, की त्याच्या देहाचे वर्णन आहे तेथेच थांबवावे आणि त्याच्यापायी इतरांना काय काय वेगळे करावे लागते, ते लिहायला घ्यावे.

मी सांगलीचा, म्हणजे समुद्राचा जाणकार मुळीच नाही; पण आमच्या कृष्णेत मगरी आहेत आणि माझे चुलते भिलवडीच्या बाजूला नदीकाठी ऊस करतात. शेतीची वीज पुष्कळदा रात्रीची असते, आणि फूट-व्हॉल्व्हला कचरा अडकून मोटर पाणी ओढेनाशी झाली, की अंधारात काठावर उतरण्याला पर्याय नसतो. अशा वेळी चुलते बॅटरीचा झोत पाण्यावरून एकदा सावकाश फिरवतात, दोन दगड पाण्यात टाकतात, थोडे थांबतात आणि मगच खाली पाय ठेवतात. मगर त्यांनी जवळून पाहिली ती उभ्या आयुष्यात तीन-चार वेळा, तीही थंडीच्या दिवसांत वाळूवर ऊन खात पडलेली. दगड मात्र ते प्रत्येक वेळी टाकतात. आपल्या किनाऱ्यावरच्या लोकांचे असे ‘दोन दगड’ कोणते, हे आपण ठरवले आहे काय?

ते ठरवण्यासाठी आधी थोडा हिशेब करावा लागेल. कोयना धरणाची उंची १०३ मीटर आहे. तशी जवळजवळ तीन धरणे एकावर एक ठेवावीत, एवढा आपला प्राणी लांब आहे. निळा देवमासा सुमारे ३० मीटर लांब आणि १५० टन वजनाचा धरला, तर त्याच अंगलोटाचा पण दहापट लांबीचा प्राणी दहापट नव्हे, तर हजारपट जड होतो, म्हणजे दीड लाख टन. भूक मात्र वजनाइतकी वाढत नाही. शास्त्रज्ञ मॅक्स क्लायबर यांनी १९३२ साली मांडलेल्या नियमानुसार (भूक वजनाच्या पाऊण घाताने वाढते) ती सुमारे १७८ पट होईल. देवमासा चरण्याच्या हंगामात दिवसाला ४ टन खातो असे धरले, तरी आपल्या प्राण्याला रोज ७०० टन लागतील. दोन ट्रॉल्यांच्या एका ट्रॅक्टरवर वीस टन ऊस धरला, तर कारखान्याच्या गेटावर उभी असलेली पस्तीस ट्रॅक्टरांची रांग हे जनावर रोज एकट्याने संपवणार. एका जागी बसून इतके खाणे मिळणे शक्य नाही, म्हणून ते सतत फिरते राहील, आणि त्याच्या फिरण्याला ऋतूंचे वेळापत्रक असेल. भूखंडमंचावर, म्हणजे किनाऱ्यालगतच्या समुद्रात बुडालेल्या जमिनीवर, पाणी साधारण २०० मीटरपर्यंतच खोल असते, तेव्हा बंदरात शिरून बुरूज पाडण्याचा आपला प्रसंग मला पटत नाही. त्याची जागा मंचाच्या कडेपलीकडे, खोल पाण्यात.

आता यातला सर्वांत कसदार भाग. जो इतके खातो तो तितकेच टाकतोही. देवमाशांच्या विष्ठेतून लोह आणि नत्र वरच्या, उजेडाच्या पाण्यात येते, त्यावर सूक्ष्म वनस्पती पोसतात आणि त्यांच्या आधाराने पुढची सगळी साखळी उभी राहते. म्हणजे आपला प्राणी ज्या वाटेने जाईल, त्या वाटेवर काही काळाने मासळी मुबलक होईल. अठराव्या शतकाच्या मध्यास नॉर्वेतील बर्गेनचे बिशप एरिक पाँटोपिडान यांनी क्राकेन या दंतकथेतल्या महाकाय सागरी प्राण्याविषयी कोळ्यांकडून ऐकलेले लिहून ठेवले, त्यात हीच गोष्ट आहे. जेथे ८० ते १०० वाव (एक वाव म्हणजे सुमारे सहा फूट) पाणी असायला हवे, तेथे खोली मोजण्याची, शिसे बांधलेली दोरी वीस-तीस वावांवरच टेकली, तर क्राकेन खाली आहे असे ते समजत, आणि पळून न जाता तेथेच गळ टाकत, कारण त्याच्यावर मासा दाटलेला असे. दोरी पुन्हा टाकल्यावर पाणी आणखी उथळ लागले, तरच ते जीव खाऊन वल्ही मारत. भीती आणि पोट एकाच दोरीला बांधलेले इतके चांगले मला दुसरीकडे सापडलेले नाही. आपल्याकडील जुन्या ग्रंथांतल्या तिमिंगिलाचे नाव मला फार आवडते, ‘तिमीला (प्रचंड माशाला) गिळणारा’ म्हणून. परंतु त्याला गिळणारा तिमिंगिलगिल आला, की मोठ्याहून मोठा एवढीच शर्यत उरते, आणि आपली कथा सध्या तेथेच अडकली आहे.

मारण्याविषयी म्हणाल, तर नायकाने खुशाल मारावे, पण कथा तेथे संपवू नये. कलेवर अखेरीस तळाशी जाईल. तेथे देवमाशाच्या एका सांगाड्यावर अनेक दशके जीवसृष्टी जगते. हाडे पोखरून खाणारे कृमी तर २००२ साली कॅलिफोर्नियाजवळच्या माँटेरी उपसागरात प्रथम सापडले. दीड लाख टनांवर खाली कित्येक पिढ्यांची चंगळ होईल, मात्र ती कोणाच्याही जाळ्याच्या आवाक्याबाहेर असेल. वर काठावर पहिल्या वर्षी नायकाची मिरवणूक निघेल; दुसऱ्या-तिसऱ्या हंगामात कोळणींच्या टोपल्या अर्ध्यावर येतील आणि बाजारात भाव चढतील. नावेतला म्हातारा सवयीने शिशाची दोरी सोडील, ती वीस वावांवर टेकणार नाही, तिसावरही नाही. तो हातातली सगळी दोरी सोडून देईल आणि मग पोराला परत फिरायला सांगेल.