एका दिवसात पांढरं अस्वल बघून होतं का?

प्रश्न : मी विलेपार्ल्यात राहते, वय ६७. मुलगा आणि सून कॅनडात विनिपेगला असतात. मुलगा म्हणतो, सकाळच्या विमानाने चर्चिलला जायचं, गाइडबरोबर दिवसभर मोठ्या गाडीतून पांढरी अस्वलं बघायची आणि रात्री घरी परत. त्याला रजा ऑगस्टात मिळते. नोव्हेंबरात जावं तर माझी दिवाळी बुडते. गुडघे कुरकुरतात, मी पूर्ण शाकाहारी, आणि खर्चाचा आकडा ऐकून तर मी गप्पच बसले. एका दिवसासाठी एवढा खटाटोप करावा का? आणि अस्वल दिसलंच नाही तर? — एक वाचक, विलेपार्ले

उत्तर : ताई, आधी मुलाला फोन लावा आणि ऑगस्टचं बुकिंग थांबवा. गुडघे, जेवण, पैसे हे सगळं मागाहून बघू.

चर्चिल हे हडसन उपसागराच्या पश्चिम किनाऱ्यावरचं हजारभरसुद्धा वस्ती नसलेलं गाव. अस्वलांचं सगळं वेळापत्रक त्या उपसागराच्या बर्फावर चालतं. पांढऱ्या अस्वलाचं मुख्य अन्न म्हणजे सील, आणि सील धरायचा तर पायाखाली गोठलेला समुद्र हवा. उन्हाळ्यात बर्फ वितळलं की अस्वलं नाइलाजाने जमिनीवर येतात आणि पुढचे चार-पाच महिने जवळजवळ उपाशी काढतात. गाभण मादीचा उपास तर आठ महिन्यांपर्यंत लांबतो. थंडी पडू लागली की पाणी लवकर गोठतं ते चर्चिलच्या बाजूला, कारण नदीचं गोडं पाणी तिथे समुद्रात उतरतं आणि वारेही बर्फ त्याच किनाऱ्याकडे ढकलतात. अस्वलांना हे ठाऊक असतं. ऑक्टोबरच्या मध्यापासून ती तिथे गोळा होऊ लागतात आणि समुद्र कधी गोठतो याची वाट बघत हिंडतात, झोपतात, एकमेकांशी झोंबतात. नोव्हेंबरच्या मध्यानंतर बर्फ धरलं की भराभर समुद्रावर निघून जातात.

म्हणून म्हणते, एका दिवसाची सहल म्हणजे एकच डाव आणि तो योग्य आठवड्यातच टाकायचा. शिवडीला फ्लेमिंगो बघायला भरती-ओहोटी न बघता गेलेली मंडळी चिखल बघून परत येतात आणि वर "काही नाही हो तिथे" असं सांगत सुटतात, त्यातली गत होऊ देऊ नका. ऑगस्टातही अस्वलं असतात, पण किनाऱ्यावर लांबलांब पांगलेली. तुम्हाला दिवस एकच मिळणार असेल तर मी ऑक्टोबरचा शेवटचा आणि नोव्हेंबरचा पहिला आठवडा सोडून दुसरीकडे बघणारही नाही. विनिपेगहून एका दिवसात नेऊन आणणारी खास विमानंही याच हंगामात निघतात.

आता दिवाळी. अस्वलांचा हंगाम आणि आपली दिवाळी बऱ्याच वर्षी एकमेकांच्या अंगावर येतात, त्याला इलाज नाही. माझं मत विचाराल तर एका वर्षी फराळ विनिपेगला करा. चकलीचा सोऱ्या बॅगेत मावतो, भाजणी मावते. खाण्याच्या वस्तू कॅनडाच्या विमानतळावर फॉर्ममध्ये जाहीर करा म्हणजे झालं. मुलाला मात्र रजा बदलून घ्यायला लावा. तुम्ही मुंबईहून इतक्या लांब जायचं आणि त्याने साहेबाकडे एक अर्ज करायचा नाही, हे काही पटत नाही.

दिवस कसा जातो ते सांगते, कारण मी पूर्वी पर्यटकांचे गट घेऊन तिथे गेले आहे. पहाटे अंधारात विनिपेगचा विमानतळ, दोन-अडीच तासांचं विमान, मग बसने गावाबाहेरच्या तळावर. तिथे त्या गाड्या उभ्या असतात. चाकं माणसाच्या उंचीची, खिडक्या अस्वल मागच्या पायांवर उभं राहिलं तरी आत पोचू नये इतक्या वर. जुन्या लष्करी वाटा आहेत, गाडी त्याच वाटांवरून माणूस चालतो त्या वेगाने डुगडुगत जाते. वाट सोडायची परवानगी नाही आणि तुम्हाला दिवसभरात एकदाही जमिनीवर पाय ठेवायचा नाही. त्यामुळे गुडघ्यांची चिंता अर्धी मिटली. विमानाच्या आणि बसच्या पायऱ्या आहेत, गाडीत चढतानाची व्यवस्था कंपनीला आधी विचारून ठेवा. गाडीत संडास असतो. हीटर असतो. दुपारी गरम सूप आणि सँडविच मिळतं, तेव्हा शाकाहारी हा शब्द बुकिंगच्या वेळीच लिहून द्या, वर "अंडंसुद्धा नको" हेही लिहा. तिथल्या माणसाला ते आपोआप कळत नाही.

गाइड दिशा घड्याळावरून सांगतो. "दोन वाजता अस्वल" म्हणजे गाडीच्या नाकाला बारा धरून उजवीकडे थोडं पुढे. आमच्यातले निम्मे लोक हे ऐकून मनगटावरच्या घड्याळाकडे बघत होते.

अस्वल दिसतं ते पहिल्यांदा पिवळट दिसतं. बर्फ पांढरं, ते पिवळट, म्हणूनच नजरेत येतं. केस मुळात बिनरंगी आणि पोकळ, खालची कातडी काळी. मोठा नर साडेतीनशे ते सहाशे किलोपर्यंत भरतो, पण आवाज न करता येतो. गाडीच्या मागे उघडा सज्जा असतो आणि त्याची जमीन लोखंडी जाळीची. एकदा आम्ही तिथे उभे असताना एक नर गाडीखाली शिरला आणि ठाण्याच्या एका काकांच्या बुटाखाली बरोबर जाळीला नाक लावून हुंगत राहिला. श्वासाची वाफ जाळीतून वर येत होती, ओलं काळं नाक फुगत-मिटत होतं. काका पाय उचलेनात, श्वासही सोडेनात. अस्वलाने सावकाश दुसऱ्या बुटाचा वास घेतला आणि निघून गेलं. गाइडने आधीच बजावलं होतं, सज्जात खाण्याचा पदार्थ न्यायचा नाही, जाळीतून बोट घालायचं नाही, हात बाहेर काढायचा नाही. ते का, हे तेव्हा सगळ्यांना एकदम समजलं.

नर मागच्या पायांवर उभे राहून कुस्ती खेळतात, तेही याच दिवसांत दिसतं. तो खेळच असतो, मादीसाठीची खरी मारामारी वसंतात. बर्फकोल्हा, पांढरे ससे, हिमतितर दिसले तर दिसले. मंडळी अस्वलापायी त्यांच्याकडे ढुंकून बघत नाहीत. माझ्या मते बर्फकोल्हा सगळ्यांत देखणा.

दिसलं नाही तर? या दोन आठवड्यांत एकही अस्वल न दिसण्याची शक्यता कमी, पण लांब झोपलेलं एकच दिसण्याची आहे. दुर्बीण न्या. हमी देणाऱ्या जाहिरातीतली बारीक अक्षरं मुलाकडून वाचून घ्या. आणि हिमवादळ आलं तर विमान उडत नाही, म्हणून दुसरा दिवस मोकळा ठेवा. मुंबईचं परतीचं तिकीट दुसऱ्याच दिवशीचं काढणारे लोक मी पाहिलेत. त्यांचं सगळं लक्ष दिवसभर आकाशाकडे.

कपड्यांचं थोडक्यात. अंगाला सुती काही नको, घाम धरून ठेवतं. आत थर्मल, वर लोकर, त्यावर वारा अडवणारं जाकीट. साडीचा हट्ट एक दिवस सोडा. नोव्हेंबरच्या सुरुवातीला पारा शून्याच्या बराच खाली आणि वारा त्याहून वाईट. मोबाइल आतल्या खिशात, अंगाच्या उबेत, नाहीतर ऐन वेळी बॅटरी मान टाकते. कॅमेरा सज्जातून आत आणण्याआधी प्लॅस्टिकच्या पिशवीत बंद करा, काचेवर दव धरत नाही. अंधार लवकर पडतो, म्हणजे बघायचं ते उजेडात बघून घ्या.

पैसे भरपूर लागतात, त्यात तुमची समजूत घालण्यासारखं काही नाही. विमान धरून एका माणशी लाखाच्या घरात किंवा वर. रेल्वेने स्वस्त पडतं, पण विनिपेगहून चर्चिलला आगगाडी जवळजवळ दोन दिवस घेते आणि गावाला रस्ता नाहीच. तुमच्या गुडघ्यांना दोन दिवस बसवून ठेवण्यापेक्षा विमान बरं. अस्वलं कमी होताहेत हेही खरं. हडसन उपसागराच्या पश्चिम भागात २०१६च्या मोजणीत ८४२चा अंदाज होता, २०२१मध्ये तो ६१८वर आला. १९८०च्या दशकाच्या तुलनेत त्यांना आता जमिनीवर तीन-चार आठवडे जास्त उपाशी राहावं लागतं. "आत्ता नाही तर कधी" असं म्हणून तुम्हाला मी ढकलणार नाही, विमानाचा धूर त्याच बर्फाला लागतो. जायचं तर नीट जा, एवढंच.

आणि मुलाने रजा बदलायला साफ नकार दिला तर? मग अस्वलाचा नाद सोडा आणि ऑगस्टच्या पहिल्या पंधरवड्यात बेलुगा बघा. हे पांढरेशुभ्र देवमासे उन्हाळ्यात हजारोंनी चर्चिल नदीच्या मुखाशी येतात, होडीच्या अगदी जवळून जातात, आणि पाण्यात मायक्रोफोन सोडला की त्यांची किलबिल ऐकू येते. मात्र त्यासाठी दोन रात्री राहा, एका दिवसात वारा होडी काढू देईलच असं नाही.

प्रश्न : आम्ही दोघं जूनमध्ये नॉर्वेला जातोय, शेंगेन व्हिसा हातात आहे. चर्चिल आर्क्टिक वृत्ताच्या बरंच खाली आहे असं कळलं. मग नॉर्वेच्या उत्तरेकडच्या स्वालबार्ड बेटांवर लाँगयिअरबेन गावाहून एका दिवसाच्या बोटीने खरं आर्क्टिक बघावं का? अस्वल जवळून दिसेल? — एक वाचक, ठाणे

उत्तर : व्हिसा उघडून बघा, त्यावर प्रवेश किती लिहिलेत? स्वालबार्ड नॉर्वेचं असलं तरी शेंगेनच्या, म्हणजे एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या युरोपीय देशांच्या गटाच्या, बाहेर आहे. तिथे गेलात की शेंगेनमधून बाहेर पडलात, परत ऑस्लोला आलात की दुसरा प्रवेश. एकाच प्रवेशाचा व्हिसा असेल तर विमानात बसू नका.

चर्चिलबद्दल तुम्ही म्हणता ते बरोबर. ते ५९ अंशांच्या अलीकडे, आर्क्टिक वृत्त साडेसहासष्टवर. लाँगयिअरबेन ७८वर. पण अस्वल जवळून हवं असेल तर उलट चर्चिलच बरं. स्वालबार्डला १ जानेवारी २०२५पासून नियम कडक झालेत. अस्वलापासून ३०० मीटर लांब राहायचं, आणि १ मार्च ते ३० जून या काळात ५००. तुमची सहल नेमकी त्यातच पडते. त्याचा पाठलाग करणं, त्याला आमिष दाखवणं हा गुन्हा. जवळून दाखवतो म्हणणाऱ्याकडून बुकिंग करू नका.

एका दिवसाच्या बोटीचा राजा तिथे वॉलरस. शिकारीने जवळजवळ संपवला होता, १९५२मध्ये संरक्षण मिळालं आणि हळूहळू परत आला. किनाऱ्यावर एकमेकांच्या अंगावर सुळे टेकवून पडलेले असतात, आणि वास बोटीपर्यंत येतो. त्याशिवाय कड्यांवर हजारो समुद्रपक्षी, गावातल्या रस्त्यावर आखूड पायांचे रेनडिअर. सुरय पक्ष्यांच्या घरट्यांजवळून चालताना काठी किंवा हात डोक्यापेक्षा उंच धरा, ते सर्वांत उंच भागावर चोच मारतात. बोटीवरून जमिनीवर उतराल तेव्हा गाइडच्या खांद्यावर रायफल असेल, घाबरू नका, तशीच पद्धत आहे. जूनमध्ये सूर्य मावळतच नाही, जाड पडद्यांची खोली मागा. गावात बऱ्याच हॉटेलांत बूट दाराशी काढायचे, कोळशाच्या खाणींच्या काळापासूनची रीत. मोजे धड असलेले न्या.

आपलं हिमाद्री संशोधन केंद्र तिथेच न्यू-आलेसुंडला २००८पासून आहे. एका दिवसाच्या बोटीत ते बघायची अपेक्षा मात्र ठेवू नका.

प्रश्न : मावशी, मी पाचवीत आहे. चर्चिलला पेंग्विन दिसतात का? अस्वल पेंग्विनला खातं का? माझा मित्र म्हणतो खातं. — लालबाग

उत्तर : मित्राला सांग, त्यांची भेटच होत नाही. अस्वलं उत्तर टोकाकडे, पेंग्विन जवळजवळ सगळे विषुववृत्ताच्या दक्षिणेला. राणीच्या बागेतले तर बर्फातलेही नाहीत. ते हम्बोल्ट पेंग्विन, त्यांची जात पेरू आणि चिलीच्या किनाऱ्यावरची, २०१६मध्ये सोलहून मुंबईत आले. बघायला जाशील तर बुधवारी जाऊ नकोस, बाग बंद असते.