सोलापूरच्या 1930 च्या मार्शल लॉवरच्या (लष्करी अंमलावरच्या) माहितीपटात दांडीचं फुटेज वापरलं तर चालेल का?

नाही चालणार. मे 1930 मधलं सोलापूरचं हलतं चित्र मिळेना, म्हणून निवेदनाखाली दांडीचे शॉट टाकायचे आणि वर म्हणायचं, "प्रेक्षकाला काय कळतंय?" याच वाक्यावरून माझं एडिटरांशी कायम वाजतं. अहो, सोलापुरात समुद्र कुठला? सोलापूरच्या गड्ड्याच्या यात्रेतली, म्हणजे सिद्धेश्वराच्या जत्रेतली गर्दी सभेची म्हणून खपवणारेही आहेत; कोपऱ्यात एक पांढरी बाराबंदी, म्हणजे यात्रेतला पारंपरिक अंगरखा, दिसली की इथलं शेंबडं पोरही ओळखतं. मग पुढे सोलापूरच्या चार हुतात्म्यांची 12 जानेवारी 1931 ची फाशी आली तरी लोक तीही संशयानेच बघतात.

दांडी दाखवायचीच तर "दांडी, एप्रिल 1930" अशी पट्टी देऊन दाखवा. आधी वेग तपासा. मूक कॅमेऱ्यांचं बरंचसं फुटेज सेकंदाला 16-18 फ्रेमचं असतं. एडिटिंगच्या सेकंदाला 25 फ्रेमच्या टाइमलाइनवर फ्रेमला फ्रेम लावलं की सत्याग्रही तुरुतुरु पळतात आणि हसू येतं. 16 असेल तर वेग 64 टक्के, 18 असेल तर 72. गर्दीकडे बघून अंदाज येत नाही. एकच चालणारा माणूस धरा आणि त्याची पावलं बघा. एकेक फ्रेम पुढे सरकवूनही बघा, कारण काही प्रतींत फ्रेम दुबार छापून वेग आधीच उतरवलेला असतो. फ्रेम ब्लेंडिंग (शेजारच्या दोन फ्रेम एकमेकींत मिसळणं) बंद ठेवा, नाहीतर एका काठीच्या दोन काठ्या दिसतात. ऑप्टिकल फ्लोने, म्हणजे सॉफ्टवेअरने मधल्या फ्रेम स्वतः बनवल्या की, तर हातपाय मेणासारखे वितळतात. 4:3 चं चित्र कापून 16:9 भरलंत तर उंचीचा चौथा हिस्सा जातो, आणि त्यात बहुतेक वेळा झेंडाच जातो. मूक चित्रावर घोषणांचा आवाज चढवू नका.

मिळेल कुठे? पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आणि परदेशी न्यूजरील संग्रह. फिल्म्स डिव्हिजन ही सरकारी माहितीपट संस्था निघालीच 1948 मध्ये, तेव्हा 1930 चं तिचं स्वतःचं चित्रण कुठून असणार? आधी टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ) छापलेली हलकी प्रत मागा, तिच्यावर एडिट लॉक करा, म्हणजे कापणी पक्की करा, मग लागतील तेवढेच सेकंद घ्या, दोन्ही टोकांना एकेक सेकंद जादा धरून. दर बहुधा सेकंदावर असतो. कॉपीराइटची 60 वर्षं उलटली असली तरी ज्याच्याकडे प्रिंट आहे तो पैसे मागणारच.

सोलापूरसाठी तेव्हाची वर्तमानपत्रं, लष्करी हुकूम आणि आजची मंगळवार पेठ पुरेशी आहे. नाट्यरूपांतरालाही माझी ना नाही, फक्त त्यावर ओरखड्यांचा फिल्टर मारून ते जुनं भासवू नका.