ब्रिक टाइल पहिल्यांदाच लावताय? आधी एवढं सांभाळा

विटेसारख्या दिसणाऱ्या या पातळ टाइल भिंतीवर लावायचं काम घरच्या घरी नक्की जमतं. फक्त चिकटवण्याची घाई करू नका.

भिंतीला ऑइल पेंट किंवा सुटलेली पुट्टी असेल तर ती खरवडून काढा. अ‍ॅडहेसिव्ह कितीही चांगलं असलं तरी ते रंगाला धरतं, आणि रंग सुटला की टाइलही सुटते. नवख्यांच्या टाइल पडतात त्या बहुतेक यामुळेच.

मग दोन-तीन खोकी एकदम उघडा आणि टाइल मिसळून घ्या. एकेक खोकं संपवत गेलात तर भिंतीवर रंगाचे पट्टे उमटतात. काही ओळी जमिनीवर सुक्या मांडून पाहा, म्हणजे कडेला बोटभर तुकडा उरणार का ते आधीच कळेल.

लावताना:

- पहिली ओळ लेव्हलवर घ्या. फरशीच्या भरवशावर राहू नका, ती क्वचितच सरळ असते.
- कोपऱ्याचे एल आकाराचे पीस आधी लावा.
- १५-२० मिनिटांत संपेल एवढंच अ‍ॅडहेसिव्ह पसरा. बोट लावून ते चिकटत नसेल तर खरवडून टाका.
- सांधा १० मिमी, आणि प्रत्येक ओळ अर्ध्या विटेने सरकवलेली.

सांधे किमान २४ तासांनी भरा, तेही टोकाला छिद्र असलेल्या, दाबून मसाला सोडायच्या पिशवीने. खरबरीत विटेवर सांडलेला मसाला ओला पुसलात तर पांढरट डाग पसरतो; थोडा सुकू द्या, मग कोरड्या ब्रशने झाडा.

कटिंगची मशीन, कमानी वगैरे नंतर पाहू. आधी एक छोटी, सपाट भिंत घ्या.