'अकूस्टिक'ला जवारी म्हणावं का?

खानापूरच्या एका वाचकांचा प्रश्न आहे. त्यांचा मित्र चित्रपट, मालिका आणि स्वतःच्या अल्बमसाठी संगीत करतो. त्याचा परिचय लिहिताना त्यांनी 'ध्वनिक आणि विद्युत संगीताचा संकर साधणारा संगीतकार' असं लिहिलं, आणि मित्र हसत सुटला. चुकलं कुठं?

'ध्वनिक'मध्ये. विजेशिवाय वाजणाऱ्या वाद्याला इंग्रजीत 'अकूस्टिक' म्हणतात, त्याचं हे शब्दशः भाषांतर. पण संगीत सगळंच ध्वनीचं. सिंथेसायझर काय मुका असतो? इंग्रजीतही वाद्याला 'अकूस्टिक' म्हणायची गरज उशिरा पडली. १९३०च्या दशकात विजेची गिटार बाजारात आली, तोवर गिटार ही नुसती गिटार होती. ब्रॉयलर आल्यावर आपली कोंबडी 'गावठी' झाली, तसंच हे. क्लासात इलेक्ट्रॉनिक तंबोरा आला आणि भोपळ्याच्या तंबोऱ्याला 'खरा तंबोरा' म्हणायची पाळी आली.

मग बेळगावकडं 'गावठी'ला काय म्हणतात? जवारी! गणपत गल्लीत काकडी घ्यायला वाकलात की ऐकू येतंच, "जवारी हाय, हायब्रिड न्हवं." कानडी-मराठी दोघांचा शब्द. 'जवारी वाद्यं' म्हणायचा मोह मलाही झाला. पण गवयांपुढं हा शब्द उच्चारायची सोय नाही, कारण त्यांची जवारी वेगळी. तंबोऱ्याच्या घोडीचा माथा घासून तार तिला अशी टेकवतात की स्वर झणझणत, भरून येतो. मिरजेचे कारागीर ज्याला जवारी काढणं म्हणतात, ते हे. तेव्हा 'जवारी तंबोरा' म्हटलं तर ऐकणारा तार तपासायला लागेल.

'संकर' तर नकोच. तो बियाणांच्या पिशवीवर शोभतो. वाद्यांचा मेळ असतो.

स्टुडिओतली माणसं या भानगडीत पडत नाहीत. त्यांच्या लेखी दोनच जाती: 'लाइव्ह वाजवलं' आणि 'प्रोग्रामिंग केलं'. यातल्या 'लाइव्ह'चा कार्यक्रमाशी संबंध नाही, वाजवणारा माणूस होता एवढाच अर्थ; 'प्रोग्रामिंग' म्हणजे ध्वनी कॉम्प्युटरवर घडवले. सौंदत्तीच्या डोंगरावर जोगतिणीच्या काखेतलं चौंडकं घ्या. माइकसमोर धरलं की त्याचाही आवाज विजेतूनच जातो, तरी तो उपजतो कातडं आणि तार थरथरून. पेटीत हवेनं आतली धातूची पातळ पट्टी थरथरते. कॉम्प्युटरवरच्या ध्वनीला असं थरथरणारं काही लागत नाही, तो स्पीकरपर्यंत आल्यावरच आवाज होतो. फरक आहे तो इथं, आणि 'विद्युत' शब्दानं तो कळत नाही.

म्हणून विशेषणाचा हट्ट सोडून वाद्यांची नावंच घालावीत. मी असं लिहीन: 'चौंडकं, संबळ, पेटी यांसारखी वाद्यं आणि कॉम्प्युटरवर घडवलेले ध्वनी यांचा मेळ घालून तो चित्रपट-मालिकांचं पार्श्वसंगीत आणि स्वतंत्र अल्बम करतो.' मित्र चौंडकं वापरत नसेल तर तेवढं बदला.