कासव अस्वस्थ आहे की नुसतं ऊन खातंय? वाचकांचे प्रश्न आणि उत्तरं

या अंकासाठी आलेले प्रश्न जमिनीवर राहणाऱ्या पाळीव कासवांच्या वागण्याबद्दल आहेत. पाण्यातल्या कासवांचं राहणीमान वेगळं असतं, त्यामुळे ही उत्तरं त्यांना जशीच्या तशी लावू नयेत.

प्रश्न : आमचं रशियन कासव दिवसभर काचपेटीच्या कडेकडेने फेऱ्या मारतं आणि पुढच्या पायांनी काच खरवडतं. त्याला कंटाळा आलाय का?

काच हा अडथळा आहे हे कासवाला कळत नाही. पलीकडची जागा दिसते, म्हणजे तिकडे जाता येईल, या समजुतीने ते रेटत राहतं. पेटीच्या चारही बाजूंना आतून १५ ते २० सेंटिमीटर उंचीची पातळ फळी किंवा अपारदर्शक प्लास्टिकचा पत्रा उभा करा. बरेच जण बाहेरून काळा कागद चिकटवतात. तसं करू नका, कारण काळ्या कागदामुळे काचेचा आरसा होतो आणि नर आपल्याच प्रतिबिंबावर धडका मारू लागतो.

कडा झाकूनही फेऱ्या थांबल्या नाहीत तर थर्मामीटर घ्या आणि तापमान कासवाच्या पाठीच्या उंचीवर मोजा. पेटीच्या भिंतीवर, वर कुठेतरी लावलेल्या थर्मामीटरचा आकडा उपयोगाचा नसतो. या जातीसाठी दिव्याखालची शेकायची जागा ३२ ते ३५ अंश सेल्सिअस आणि दुसरं टोक २२ ते २५ अंश हवं. पेटी लहान असेल तर दोन्ही टोकं सारखीच तापतात आणि कासव गारवा शोधत फिरत राहतं. ते नेमकं दिव्यापासून लांबच्या कोपऱ्यात खरवडत असेल, तर उष्णता जास्त होतेय असं समजा. १२-१५ सेंटिमीटर लांबीच्या कासवालाही किमान १२० बाय ६० सेंटिमीटर जमीन लागते, आणि त्याहून मोठी देता आली तर जरूर द्या.

प्रश्न : दिव्याखाली ते चारही पाय ताणून, मान जमिनीवर टाकून पडतं. पाहून छातीत धस्स होतं.

ते ऊन खातंय. पाय आणि मान बाहेर पसरली की जास्त कातडी उजेडात येते आणि अंग लवकर तापतं. निवांत, सुरक्षित वाटणारं कासवच असं पसरतं.

तरी एक परीक्षा करून पाहा. मागच्या पायाला हलकेच बोट लावा. निरोगी कासव पाय झटकन आत ओढून घेतं आणि त्या ओढीत जोर जाणवतो. पाय लोंबता राहिला, उचलल्यावर मान लुळी पडली, किंवा असं पसरणं दिव्याखाली नसून गार कोपऱ्यात असेल, तर ते शेकणं नव्हे. त्याच दिवशी पशुवैद्याकडे न्या. याउलट तोंडाला फेस आणि पायांची धडपड दिसली तर ऊन लागलंय. ताबडतोब सावलीत घ्या आणि उथळ, साध्या पाण्यात ठेवा. बर्फाचं पाणी वापरू नका.

प्रश्न : उचललं की फुत्कारतं आणि बहुतेक वेळा लघवीही करतं. आमच्यावर राग आहे का?

फुत्कार वाटतो तो आवाज फुप्फुसांतून निघालेल्या हवेचा असतो. कासवाची फुप्फुसं पाठीच्या कवचाला लागून वरच्या बाजूला असतात. डोकं आणि पाय एकदम आत ओढले की आतली जागा कमी होते आणि हवा जोरात बाहेर पडते. ते घाबरलंय, एवढाच त्याचा अर्थ.

लघवीचा मुद्दा मात्र गंभीरपणे घ्या. कासवाचं मूत्राशय ही त्याची पाण्याची साठवण असते. दिवसातून चार वेळा कौतुकाने उचललं आणि दर वेळी ते रिकामं झालं, तर कासवाच्या अंगातलं पाणी कमी होत जातं. लघवीबरोबर येणारा पांढरा भाग मऊ, पातळ लगदा असेल तर ठीक. तो खडूच्या चुऱ्यासारखा कणीदार झाला, तर पाणी कमी पडतंय. कोमट, साधारण ३० अंशांच्या पाण्यात १५ ते २० मिनिटं बसवा. पाणी वरचं आणि खालचं कवच जिथे जुळतं तिथपर्यंतच असावं, हनुवटी बुडता कामा नये. पिल्लांना आठवड्यातून तीन-चार वेळा, मोठ्यांना एकदा पुरतं.

उचलायची वेळ आलीच तर वरून झडप घालू नका, कारण वरून पडणारी सावली त्याच्या लेखी शिकारी पक्ष्याची असते. समोरून, जमिनीलगत हात न्या, दोन्ही बाजूंनी धरा आणि पोटाखाली आधार द्या. उलटं कधीही करू नका. उताणं पडलेल्या कासवाच्या फुप्फुसांवर आतल्या सगळ्या अवयवांचा भार येतो, आणि दिव्याखाली असं पडून राहिलं तर ते दगावू शकतं.

प्रश्न : गळा सारखा खालीवर होतो आणि मधूनच तोंड मोठ्ठं उघडतं. श्वास लागलाय का?

गळ्याची ती हालचाल श्वासाची नाही. कासव नाकातून हवा आत-बाहेर करून वास घेतं. नवं खाणं ठेवल्यावर किंवा जागा बदलल्यावर ती वाढलेली दिसेल.

अधूनमधून जांभई देणंही नेहमीचंच आहे. एका कासवाची जांभई पाहून दुसरं जांभई देतं का, हे शास्त्रज्ञांनी लाल पायांच्या कासवांवर तपासलं आणि तसा पुरावा मिळाला नाही. या अभ्यासाला २०११ सालचं इग नोबेल, म्हणजे आधी हसवणाऱ्या आणि मग विचार करायला लावणाऱ्या संशोधनाला दिलं जाणारं गमतीशीर पारितोषिक मिळालं होतं.

काळजी करायची ती या लक्षणांची : नाकपुडीवर बुडबुडे, मान पुढे ताणून तोंड उघडं ठेवून घेतलेला श्वास, श्वासाबरोबर शिट्टी किंवा घरघर, आणि त्याच वेळी खाण्यावरून उडालेलं मन. कासवाला आपल्यासारखं श्वासपटल, म्हणजे छाती आणि पोट यांच्यामधला श्वासाचा स्नायू, नसतं. पाय आणि पोटाचे स्नायू हलवून ते श्वास घेतं, त्यामुळे साचलेला कफ खोकून बाहेर टाकणं त्याला जमत नाही. फुप्फुसांचा संसर्ग आपोआप बरा होईल म्हणून थांबू नका.

प्रश्न : दोन कासवं एकत्र ठेवली आहेत. मोठं धाकट्याच्या मागे मागे फिरतं, कधी त्याच्या अंगावर चढून झोपतं. दोघांची गट्टी जमली म्हणायची ना?

नाही. या स्तंभाकडे सर्वांत जास्त येणारा गैरसमज हाच. जमिनीवरच्या कासवाला सोबतीची गरज नसते. मागे फिरणं ही पाळत असते, आणि अंगावर चढून झोपणं म्हणजे शेकायच्या जागेवर केलेला कब्जा.

उघड भांडण ओळखणं सोपं असतं. डोकं झटक्याने वरखाली करणं, पाय आत घेऊन कवचाने धडक देणं, दुसऱ्याभोवती गोल फिरणं, पुढच्या पायांना चावे घेणं, हे सारं नर करतात. सुल्काटा जातीचा नर गळ्याखालच्या कवचाचं पुढे आलेलं टोक दुसऱ्याखाली घालून त्याला उलथवतो. पण जास्त नुकसान करते ती मुकी दादागिरी. मोठं कासव धाकट्याच्या तोंडासमोर नुसतं बसून राहतं. धाकटं दिवसभर लपतं, मोठं झोपल्यावर खायला येतं, आणि हळूहळू वाढच थांबते. कुठेही ओरखडा नसतो, म्हणून मालकाला शंका येत नाही.

दोघांचं वजन आठवड्यातून एकदा, त्याच वेळी, खाण्याआधी ग्रॅममध्ये मोजून लिहून ठेवा. एका आठवड्याची घट नुसत्या लघवीमुळेही दिसू शकते, म्हणून सलग तीन-चार नोंदी पाहा. एकाचा आकडा चढतोय आणि दुसऱ्याचा अडकलाय, तर उत्तर तुमच्यासमोर आहे. दोन वेगळी घरं करा. मध्ये काच किंवा जाळी लावून भागत नाही, कारण नजरेचा धाक तसाच राहतो. एक नर आणि एकच मादी ही जोडीही टाळा, मादीला उसंत मिळत नाही. चाव्याची जखम पातळ केलेल्या पोव्हिडोन आयोडीनने (जंतुनाशक औषधाने) धुवा आणि ती भरेपर्यंत कासवाला घरात ठेवा. उघड्या जखमेवर माश्या अंडी घालतात.

प्रश्न : आमची मादी आठवडाभर नीट खात नाही, जमीन हुंगत फिरते आणि खड्डे करते. घरात नर नाही.

खड्डा कोणत्या पायांनी करते ते पाहा. पुढच्या पायांनी असेल तर ती लपायला, गारव्याला किंवा ओलाव्याला जागा करतेय. मागच्या पायांनी, आळीपाळीने माती उपसत असेल तर अंडी घालायची तयारी आहे. नर नसतानाही मादी अंडी घालते. शिवाय पूर्वी कधी नराशी संबंध आला असेल तर त्याचं बीज शरीरात काही वर्षं टिकतं, त्यामुळे अशी अंडी फळूही शकतात.

दोन-तीन खड्डे अर्धवट सोडणं नेहमीचं आहे. तिला मनाजोगी माती मिळत नसते. मध्यम आकाराच्या कासवाला माती आणि वाळूचं २० ते २५ सेंटिमीटर खोल मिश्रण द्या. मुठीत दाबल्यावर गोळा टिकेल इतकंच ओलं आणि वरून दिव्याने ऊबदार असू द्या. ती खणू लागली की माणसांची ये-जा बंद करा. कोणी डोकावलं तर मध्येच सोडून जाते. दोन आठवडे उलटूनही अंडी नाहीत, मागचे पाय ओढत चालते किंवा कुंथते, तर अंडी अडकल्याची शक्यता आहे. एक्स-रेमध्ये ती स्पष्ट दिसतात. तेल लावणं, पोट दाबणं असे घरगुती उपाय अजिबात करू नका, अंडं आत फुटलं तर मादीचा जीव धोक्यात येतो.

प्रश्न : माझी नखं रंगवलेली असली की पायाच्या बोटांवर धावून येतं.

कासवांना रंग दिसतात आणि लाल-पिवळ्याकडे ती खाणं समजून ओढली जातात. मोजे घाला.

प्रश्न : थंडी सुरू झाली आणि कासव सुस्त झालं. झोपू द्यावं का?

आधी जात ओळखा. रशियन, हर्मन आणि ग्रीक कासवं शीतनिद्रा घेतात. सुल्काटा, लेपर्ड, स्टार आणि लाल पायांची कासवं घेत नाहीत. ती सुस्त झाली तर तापमान वाढवा. तरी फरक पडला नाही तर दवाखाना.

शीतनिद्रा घेणाऱ्या जातींना खरा धोका असतो तो अर्धवट थंडीचा. साधारण १२ ते १८ अंशांत कासव धड खातही नाही आणि धड झोपतही नाही, फक्त अंगातली चरबी जाळत राहतं. त्यामुळे एक काहीतरी ठरवा : दिवा, यूव्हीबी (उन्हातल्यासारखे अतिनील किरण देणारा दिवा) आणि बारा तासांचा उजेड देऊन पूर्ण जागं ठेवा, किंवा ४ ते ६ अंशांत नीट झोपवा. झोपवायचं असेल तर आधी दोन ते चार आठवडे खाणं बंद करून रोज कोमट पाण्यात बसवा. आतड्यात अन्न राहिलं तर थंडीत ते पचत नाही, सडतं. वजन घटलेलं, नाक वाहणारं किंवा डोळे सुजलेलं कासव त्या वर्षी झोपवू नये.