टक्कर टाळणाऱ्या यंत्रणेचा पिवळा दिवा: वाचकांचे प्रश्न

पुढच्या वाहनावर गाडी आदळण्याआधी इशारा देणारी, आणि चालकाने काहीच केलं नाही तर स्वतः ब्रेक लावणारी यंत्रणा आता साध्या गाड्यांतही येते. तिच्याबरोबर डॅशबोर्डवर एक नवा दिवा आला आणि त्याच्या तक्रारींची पत्रंही. ही यंत्रणा समोरचं बहुधा पुढच्या रडारने आणि काचेमागच्या कॅमेऱ्याने पाहते. बहुतेक पत्रांत एक वाक्य हमखास असतं: गॅरेजवाले म्हणतात, रडार बदलावं लागेल. ते मान्य करण्याआधी पुढची उत्तरं वाचा.

प्रश्न: जोराच्या पावसात दिवा लागतो आणि 'पुढचा सेन्सर झाकला गेला आहे' असा संदेश येतो. पाऊस थांबल्यावर थोड्या वेळाने आपोआप जातो. हा बिघाड समजायचा का?

उत्तर: नाही. संदेशाचे नेमके शब्द मात्र दर वेळी वाचा, कारण अर्धं निदान तिथेच होतं. 'झाकला गेला', 'तात्पुरती बंद', 'सध्या उपलब्ध नाही' असं असेल तर यंत्रणेला फक्त समोरचं दिसत नाहीये. 'यंत्रणेत बिघाड' किंवा 'तपासणी करून घ्या' असं असेल तर तिच्यातला, किंवा तिला माहिती पुरवणारा, एखादा भाग चुकतोय.

पुढचं रडार साधारण ७६ ते ७७ गिगाहर्ट्झवर चालतं. त्या लहरीची लांबी जेमतेम ४ मिलिमीटर, त्यामुळे आवरणावर साचलेला पाण्याचा पातळ थर किंवा ओला चिखलसुद्धा तिला अडवायला पुरतो. कोरडी धूळ तेवढा त्रास देत नाही. रडार बहुधा ग्रिलवरच्या बोधचिन्हामागे किंवा बंपरच्या खालच्या जाळीत असतं. मॅन्युअलमध्ये जागा पाहून ठेवा. तो भाग साबणाच्या पाण्याने आणि मऊ कापडाने पुसा. प्रेशरचा फवारा अगदी जवळून मारू नका, पाणी कनेक्टरमध्ये शिरतं. बोधचिन्हावर स्टिकर, नंबरप्लेटची जाड चौकट, नंतर बसवलेली शोभेची ग्रिल, पुढचा लोखंडी गार्ड, यांतलं काहीही रडारसमोर येत असेल तर आधी ते काढा.

कॅमेरा आरशाजवळ काचेच्या आतल्या बाजूला असतो. बाहेरून काच वायपर पुसतो, आतून कुणीच पुसत नाही. डॅशबोर्डच्या प्लॅस्टिकमधून निघणाऱ्या वाफांचा तेलकट थर तिथे हळूहळू बसतो आणि समोरून ऊन किंवा हेडलाइट आला की कॅमेऱ्याला धुकं दिसतं. कव्हर सहज निघत असेल तरच आतली काच पुसा. कॅमेऱ्याच्या भिंगाला हात किंवा द्रव लावू नका. वायपरची रबरं कॅमेऱ्यासमोर पाण्याच्या रेघा ठेवत असतील तर तीही बदला.

कोरड्या दिवशी, सगळं स्वच्छ असताना, गाडी दोन-तीनदा बंद-चालू करूनही दिवा टिकला तरच पुढची तपासणी करा.

प्रश्न: थंडीत सकाळी गाडी सुरू केली की टक्कर-इशारा, लेन आणि स्टिअरिंग असे तीन-चार दिवे एकदम लागतात. काही किलोमीटर गेल्यावर सगळे जातात. स्कॅनरवर (गाडीच्या संगणकातले बिघाडाचे कोड वाचणाऱ्या यंत्रावर) डझनभर कोड निघाले.

उत्तर: एकाच वेळी इतके भाग बिघडत नाहीत. सगळ्यांना समान असं जे आहे, म्हणजे वीजपुरवठा, तो आधी तपासा.

गाडी रात्रभर उभी राहिल्यावर, इंजिन सुरू न करता बॅटरीवर १२.६ व्होल्टच्या आसपास मिळायला हवेत. १२.४ म्हणजे साधारण पाऊण भरलेली, १२.२ म्हणजे अर्धी. मग मल्टीमीटर लावून ठेवा आणि कुणाला तरी स्टार्टर मारायला सांगा. त्या क्षणी आकडा ९.६ च्या खाली गेला तर बॅटरी गेल्यात जमा. उभ्या अवस्थेत १२.५ दाखवून स्टार्टरला ८ वर कोसळणाऱ्या बॅटऱ्या असतात, म्हणून नुसता उभा आकडा पाहून 'बॅटरी ठीक' म्हणू नका. इंजिन चालू असताना सर्वसाधारणपणे १३.८ ते १४.५ व्होल्ट दिसतात. नव्या गाड्यांत संगणक अल्टरनेटर (इंजिनवर फिरून बॅटरी भरणारं जनित्र) मुद्दाम कमी-जास्त करतो, तेव्हा एकदाच कमी आकडा दिसला म्हणून अल्टरनेटर खोलू नका.

बॅटरी चांगली निघाली तर अर्थिंग, म्हणजे बॅटरीच्या ऋण टोकाची इंजिन आणि बॉडीच्या धातूशी असलेली जोडणी, पाहा. इंजिन चालू, हेडलाइट आणि पंखा पूर्ण, मीटरची एक तार बॅटरीच्या ऋण टोकावर, दुसरी इंजिनच्या उघड्या धातूवर. ०.२ व्होल्टपेक्षा जास्त दिसले तर अर्थची पट्टी किंवा तिचे बोल्ट गंजलेत.

तुमच्या स्कॅनरवरचे बहुतेक कोड 'यू' ने सुरू होत असतील. ते 'अमुक भागाशी संपर्क तुटला' अशा अर्थाचे असतात आणि व्होल्टेज कोसळताना एक भाग जागा, दुसरा झोपलेला असल्यामुळे नोंदले जातात. बॅटरीचं काम झाल्यावर सगळे कोड पुसा आणि आठवडाभराने पुन्हा वाचा. बॅटरीची तार काढली असेल तर बऱ्याच गाड्यांत स्टिअरिंगचा कोन पुन्हा शिकवावा लागतो: इंजिन चालू करून स्टिअरिंग पूर्ण डावीकडे, पूर्ण उजवीकडे, मग सरळ, आणि थोडं अंतर चालवायचं. नेमकी पद्धत मॅन्युअलमध्ये असते. हे राहिलं तर दिवा तसाच राहतो आणि नवी बॅटरी उगाच बदनाम होते.

प्रश्न: मागच्या चाकाचं बेअरिंग बदललं. त्याच दिवसापासून एबीएस (जोराच्या ब्रेकला चाकं लॉक होऊ न देणारी यंत्रणा), घसरण-नियंत्रण आणि टक्कर-इशारा असे तिन्ही दिवे लागले आहेत. बेअरिंगचा आणि रडारचा काय संबंध?

उत्तर: रडार फक्त समोरच्या वाहनाचं अंतर आणि वेगातला फरक सांगतं. तुमच्या गाडीचा स्वतःचा वेग चाकांवरच्या सेन्सरकडून येतो, आणि आपोआप ब्रेक लावायचं कामही एबीएसचा पंपच करतो. एबीएस बाद झाला की टक्कर टाळणारी यंत्रणा स्वतःला बंद करून घेते आणि तसं करणंच बरोबर. तेव्हा तिसऱ्या दिव्याच्या मागे लागू नका, पहिल्याच्या लागा.

तुमच्या बाबतीत संशयित ठरलेला आहे. आजकालच्या बऱ्याच बेअरिंगच्या एका बाजूच्या सीलमध्येच चुंबकीय कडी असते आणि सेन्सर तिच्यावरून वेग मोजतो. बेअरिंग उलटं दाबलं तर कडी दुसऱ्या बाजूला जाते. चाक सुरेख फिरतं, पण सेन्सरला काहीच दिसत नाही. नवं बेअरिंग हातात असताना टाचणी दोन्ही बाजूंना हलकेच लावली तर कोणती बाजू चुंबकीय आहे ते लगेच कळतं. ती सेन्सरकडे यायला हवी. उलटं बसलेलं बेअरिंग काढताना बहुधा खराब होतं, त्यामुळे पुन्हा नवंच लागेल. दुसरी शक्यता म्हणजे चुंबकीय कडी नसलेलं, दिसायला सारखंच बेअरिंग बसवलं गेलं. तिसरी, सेन्सरच्या भोकात गंज साचून तो वर उचलला गेला, किंवा काम करताना त्याची वायर ताणली गेली.

खात्रीसाठी एबीएसची चालू माहिती दाखवणारा स्कॅनर लावा आणि सरळ रस्त्यावर ताशी २० ते ३० किलोमीटरने चालवत चारही चाकांचे वेग शेजारी शेजारी पाहा. स्कॅनरकडे बघायला दुसरा माणूस हवा. एक आकडा शून्यावर असेल किंवा मध्येच गळत असेल तर चाक सापडलं. स्वस्तातली छोटी यंत्रं फक्त इंजिनचे 'पी' कोड वाचतात, ती इथे उपयोगाची नाहीत. आणखी एक: नव्या प्रकारच्या सेन्सरचा रोध मल्टीमीटरने मोजून निदान करू नका. त्यात इलेक्ट्रॉनिक चिप असते, आकड्याला अर्थ नसतो.

दुरुस्तीनंतर दिवे लगेच न विझता थोडं चालवल्यावर विझतात. चारही टायर एकाच मापाचे आहेत ना, हेही या निमित्ताने बघून घ्या. एका चाकाचा घेर वेगळा असला की तेच चाक सतत वेगळा वेग सांगत राहतं.

प्रश्न: पुढची काच बदलली. काचवाल्याने सांगितलं, दिवा लागला नाही म्हणजे कॅलिब्रेशनची (कॅमेऱ्याची दिशा पुन्हा नेमकी जुळवण्याची) गरज नाही. बरोबर आहे का?

उत्तर: चूक आहे, आणि या अंकातली सगळ्यात धोक्याची चूक हीच. काही गाड्या कॅलिब्रेशन होईपर्यंत दिवा लावून ठेवतात, काही ठेवत नाहीत. कॅमेऱ्याला वीज मिळतेय, चित्र येतंय, संपर्क आहे, एवढं यंत्रणा सहज तपासते. आपण किंचित वाकडे बसलोय हे मात्र तिला दर वेळी कळत नाही.

किंचित म्हणजे किती? कॅमेरा आडव्या दिशेत फक्त १ अंश फिरला तर १०० मीटरवरची वस्तू सुमारे १.७५ मीटर बाजूला दिसते. साधारण साडेतीन मीटरच्या लेनमध्ये ही अर्धी लेन झाली. शेजारच्या लेनमधला ट्रक आपल्या पुढे दिसेल आणि गाडी उगाच ब्रेक मारेल. किंवा आपल्याच पुढचा ट्रक शेजारच्या लेनमध्ये दिसेल आणि ब्रेक लागणारच नाही. ही दुसरी शक्यता जास्त वाईट, कारण तिची आगाऊ जाणीव होत नाही.

कॅलिब्रेशन दोन प्रकारचं. उभ्या गाडीचं करताना सपाट जमीन, ठरलेल्या अंतरावर व उंचीवर नक्षीचा फलक, सारखा प्रकाश, टायरमध्ये योग्य हवा आणि डिकीत सामान नको. कंपनी सांगेल तेवढं इंधन हवं. डिकीत दोन पोती ठेवून केलेलं कॅलिब्रेशन, पोती काढल्यावर निकामी. चालत्या गाडीचं करताना स्कॅनर जोडून, ठळक पट्टे असलेल्या रस्त्यावर ठरावीक वेगाने चालवतात. पाऊस किंवा पुसट पट्टे असतील तर ते पूर्णच होत नाही. काही गाड्यांना दोन्ही लागतात. कॅलिब्रेशनआधी व्हील अलाइनमेंट बघून घ्या, कारण गाडी तिरकी चालत असेल तर 'सरळ' कुठे हेच चुकतं.

काच बदलणाऱ्याकडून कॅलिब्रेशन यशस्वी झाल्याची स्कॅनरची छापील नोंद मागा. कॅमेरा धरून ठेवणारी पट्टी जुन्या काचेवरून ओढून नव्या काचेला चिकटवली असेल तर ते काम स्वीकारू नका.

प्रश्न: बंपर दुरुस्त करून रंगवला. दिवा लागतो, मेकॅनिक कोड पुसतो, दोन दिवसांनी परत येतो.

उत्तर: कोड पुसणं ही दुरुस्ती नव्हे. परत येणारा कोड कोणता, ते लिहून घ्या.

'अलाइनमेंट' किंवा 'कॅलिब्रेशन'चा कोड असेल तर रडार धरून ठेवणारी पट्टी बहुधा वाकली आहे. हळू वेगातली टक्करही तेवढं करते. बंपर पूर्ववत होतो, पट्टी नाही. पट्टीवरचे स्क्रू फिरवून अंदाजाने सरळ करायचा मोह टाळा, ते उपकरणाचं काम आहे.

'झाकला गेला' असा कोड असेल तर रंग पाहा. रडारसमोरच्या भागात लांबी (पुट्टी) भरणं, मागून फायबरचा तुकडा चिकटवणं किंवा जुन्या रंगावर आणखी थर देणं यातलं काहीच चालत नाही. धातूचे कण असलेला जाड रंग लहरी परतवतो. असा बंपर घासून उपयोग नाही, तो भाग नवा घ्यावा लागतो.

यू ०२३५ सारखा, म्हणजे पुढच्या अंतर-सेन्सरशी संपर्क तुटल्याचा कोड असेल तर आधी फ्यूज, मग कनेक्टर. पिन हिरवट झाल्या असतील किंवा कनेक्टरचं कुलूप 'टक' असा आवाज करून बसलं नसेल तर दोष तिथेच. तेही ठीक असेल तर बॅटरी सोडवून रडारच्या कनेक्टरवर संपर्काच्या दोन तारांमध्ये रोध मोजा. या दोन तारांच्या पूर्ण जुळलेल्या वाहिनीवर साधारण ६० ओहम मिळतात, कारण दोन टोकांना १२० ओहमचे दोन रोधक समांतर असतात. १२० मिळाले तर एक टोक तुटलंय किंवा रडार स्वतःच ते टोक आहे, म्हणून वायरिंगची आकृती पाहिल्याशिवाय निष्कर्ष नको. शून्याजवळ मिळाले तर तारा एकमेकींना चिकटल्यात. डॅशबोर्डखालच्या, स्कॅनर जोडायच्या सॉकेटवर मोजून काम भागेल असं समजू नका. अनेक गाड्यांत मध्ये गेटवे (वाहिन्यांमधली देवाणघेवाण सांभाळणारा भाग) असतो आणि तिथे रडारची वाहिनी दिसतच नाही.

एवढं सगळं बरोबर निघालं, पुरवठा आणि अर्थ दोन्ही मिळतात, तरीही रडार उत्तर देत नाही, तेव्हाच ते बदला. नव्यालाही गाडीत नोंदवून कॅलिब्रेट करावं लागतं.

प्रश्न: उन्हात तासन्‌तास उभी केलेली गाडी सुरू केली की दिवा लागतो, पंधरा मिनिटांत जातो.

उत्तर: काचेमागचा कॅमेरा तापून स्वतःला बंद करतो. एसीची हवा पुढच्या काचेवर सोडा. थंड झाल्यावरही दिवा राहिला तर मग तपासा.

प्रश्न: दिवा लागलेला असताना गाडी चालवावी का? आणि फ्यूज काढून ठेवला तर?

उत्तर: एकटा पिवळा दिवा असेल तर साधे ब्रेक नेहमीसारखे लागतात; मदतनीस नाही असं धरून अंतर वाढवा. सोबत एबीएसचा पिवळा असेल तर जोराच्या ब्रेकला चाकं लॉक होऊ शकतात, हळू जाऊन गॅरेज गाठा. ब्रेकचा लाल दिवा लागला तर थांबा, गाडी ओढून न्या. दिवा लागला असताना अनेक गाड्यांत अंतर राखणारा क्रूझ (ठरवलेला वेग आपोआप राखणारी सोय) चालत नाही, पण साधा क्रूझ चालू शकतो. तो पुढच्या वाहनासाठी वेग कमी करत नाही, हे विसरू नका.

फ्यूज काढू नका. त्याच फ्यूजवर इतर भाग असू शकतात, आणि दिवा तर लागलेलाच राहील. संयुक्त राष्ट्रांच्या वाहन नियम क्रमांक १५२ प्रमाणे या यंत्रणेचा बिघाड स्थिर पिवळ्या दिव्यानेच दाखवावा लागतो, आणि चालकाने बटणाने बंद केली तरी पिवळा दिवा लागून पुढच्या वेळी इंजिन सुरू करताना ती पुन्हा चालू व्हावी लागते. तेव्हा दिवा दिसला तर आधी तेच बटण चुकून दाबलेलं नाही ना, हे पाहा. घसरण-नियंत्रण बंद केल्यावरही काही गाड्यांत ही यंत्रणा बंद पडते.

बटणाचा खरा उपयोग वेगळ्याच ठिकाणी आहे: आपोआप धुणाऱ्या यंत्रात गाडी घालताना, रोलरवर ब्रेक तपासताना आणि दुसऱ्या वाहनाने ओढून नेताना ते आधी दाबा.