नोटरीसमोर मिटलं, पण केस उभीच आहे

प्रश्न : आमचं गाव राजापूर तालुक्यात. मे २०२३ मध्ये आंब्याच्या बागेतल्या गडग्यावरून, म्हणजे दगडी कुंपणावरून, धाकट्या दिरांशी भांडण झालं. माझ्या मुलाच्या हातातली कोयती त्यांच्या हातावर बसली, करंगळीचं हाड मोडलं. पोलिसांनी भादंविची ३२६, ५०४, ५०६ ही कलमं लावून दोषारोपपत्र दाखल केलं. साक्षी अजून सुरू नाहीत. गेल्या गणपतीत मूळ घरी सगळे जमलो, तेव्हा भावजींनी स्वतः आरतीचं ताट मुलाच्या हातात दिलं. मग ५०० रुपयांच्या स्टॅम्पपेपरवर नोटरीसमोर तडजोडही झाली. तरी न्यायाधीश म्हणाल्या, ही केस इथे मिटत नाही. मुलाला बोटीवर नोकरी मिळतेय. गावात सांगतात, भावजींनी साक्षीत ‘आठवत नाही’ म्हणावं. काय करू? – एक आई

उत्तर : ताई, गावातला तो सल्ला आजच सोडून द्या. मार भावजींनी खाल्ला, आणि आता शपथेवर खोटंही त्यांनीच बोलायचं? खोटी साक्ष हा वेगळा गुन्हा आहे. सरकारी वकील त्यांना फितूर ठरवतील, पोलिसांपुढचा त्यांचाच जबाब समोर धरून उलटे प्रश्न विचारतील. एक्स-रे आणि डॉक्टरांचा दाखला तर कागदावर राहणारच. बत्तीस वर्षांच्या वकिलीत मी या सल्ल्यापायी सरळ माणसांना पिंजऱ्यात घामाघूम होताना पाहिलंय.

न्यायाधीशांचं बरोबर आहे. तक्रार भावजींची असली तरी खटला सरकार चालवतं. ५०४ (चिथावणीसाठी अपमान) आणि ५०६ (धमकी) पक्षकारांना मिटवता येतात. अशा गुन्ह्यांची यादी जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ३२० मध्ये होती, नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ती ३५९ मध्ये आहे. नुसत्या हाताने हाड मोडलं असतं तर ३२५ लागलं असतं आणि कोर्टाच्या परवानगीने तेही मिटलं असतं. कोयती आली म्हणून ३२६ लागलं. त्याची शिक्षा जन्मठेपेपर्यंत जाते, आणि ते यादीत नाही.

वाट आहे ती उच्च न्यायालयात. नव्या संहितेचं कलम ५२८, म्हणजे जुन्या संहितेचं ४८२, यात गुन्हा आणि दोषारोपपत्र रद्द करण्याचा अधिकार आहे. ग्यान सिंग खटल्यात २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की यादीत नसलेला, पण मुळात खासगी वादातून झालेला गुन्हा तडजोडीवर रद्द होऊ शकतो. खून, बलात्कार, दरोडा यांसारखे गुन्हे नाही. २०१४ च्या नरिंदर सिंग निकालात कसोट्या आल्या : जखम शरीराच्या कुठल्या भागावर, हत्यार कोणतं, खटला कुठवर आलाय. तुमच्याकडे जखम करंगळीला आहे, वाद घरातला आहे आणि साक्षी सुरू नाहीत. बाजू चांगली आहे, पण हक्क म्हणून मागता येईल असं हे नाही. म्हणून साक्षी सुरू व्हायच्या आत अर्ज करा.

त्यासाठी आता मुंबई गाठायला नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी जिल्ह्याची कामं उच्च न्यायालयाच्या कोल्हापुरात बसणाऱ्या सर्किट बेंचकडे आहेत. अणुस्कुरा घाट चढलात की पोचलात. अर्ज मुलाच्या नावाने होईल, त्यात सरकार आणि भावजी प्रतिवादी असतील. भावजींना संमतीचं प्रतिज्ञापत्र द्यावं लागेल. त्यात उपचाराचा खर्च दिला असेल तर रक्कम लिहा. गडग्याची हद्द कुठून ठरली तेही लिहा. ते मोघम राहिलं तर पुढच्या मे महिन्यात पुन्हा तेच भांडण.

आता मला जे फार महत्त्वाचं वाटतं ते. अशाच एका कामात न्यायमूर्तींनी जखमी म्हाताऱ्याला विचारलं, ‘बाबा, तुमच्यावर कोणाचा दबाव नाही ना?’ त्यांनी आधी मागे बसलेल्या थोरल्या भावाकडे पाहिलं, मग ‘नाय’ म्हणाले. बोलताना आखडलेला अंगठा दुसऱ्या मुठीत धरला होता. मी त्यांच्या विरुद्ध बाजूची वकील, तरी मीच पुढची तारीख मागितली. बाहेर व्हरांड्यात कळलं, औषधाचा एक रुपयाही त्यांना मिळाला नव्हता. पैसे हातात पडले, दोन महिन्यांनी ते पुन्हा आले, आणि या वेळी उत्तर देताना मागे वळले नाहीत.

भावजींनी आरतीचं ताट दिलं ते मनापासूनच असेल. तरी वकील गाठण्याआधी जाऊबाईंना विचारा, तुम्ही दोघीच असताना. बोट अजून दुखतं का, नारळ सोलता येतो का, खर्च किती झाला. मुलाला मात्र त्या वेळी घरी ठेवा.